वेरूळला ऊन आत येतं तेव्हा

सकाळी येऊ नका. वेरूळच्या डोंगराचं तोंड पश्चिमेला आहे, त्यामुळे दुपारपर्यंत लेणी स्वतःच्याच डोंगराच्या सावलीत बसलेली असतात. मार्चमधला एखादा दिवस धरा, मंगळवार सोडून, कारण मंगळवारी लेणी बंद. उन्हं कलायला लागली की फाटकातून आत या. समोर दोन किलोमीटर लांब काळा कडा दिसेल आणि त्यात दक्षिणेकडून उत्तरेकडे आकडे घातलेली चौतीस लेणी. एक ते बारा बौद्ध, तेरा ते एकोणतीस हिंदू, तीस ते चौतीस जैन. शाळेच्या पुस्तकात हे असंच पाठ केलं होतं, तीन कप्प्यांच्या डब्यासारखं. आज तो डबा जरा उघडायचा आहे.

तुमचे गाईड झाडाखाली थांबलेत. सत्तरीचे काका, डोक्याला पांढरा रुमाल, काखेत कापडात गुंडाळलेली चौकोनी वस्तू. तो आरसा आहे. दारातलं ऊन आरशावर झेलायचं आणि आतल्या अंधारात सोडायचं, ही इथली जुनी रीत.

"मोबाईलच्या बॅटरीनं देवाचं नाक दिसतं," काका म्हणतात. "आरशानं देव दिसतो."

मग ते वाट ठरवतात. "सोळापासून सुरू करू आणि पाचाकडं जाऊ. आकडा उतरंल तसं साल उतरंल. पाय तेवढे जपून टाका."

सोळा म्हणजे कैलास. दारातून आत शिरलात की समोर गजलक्ष्मी. तिला वळसा घालून अंगणात येता, तर सहलीला आलेल्या पोरांचा गलका, सेल्फी, शिट्ट्या. काका काही बोलत नाहीत. भिंतीला पाठ लावून उभे राहतात, तुम्हीही राहा. हळूहळू गलका विरतो. अंगणात आता एकच माणूस आहे, मांडी घालून बसलेला, गुडघ्यावर कागद, हातात लेखणी. साल 1793 च्या आसपासचं. हा पुण्याचा गंगाराम तांबट. इंग्रज वकील चार्ल्स मॅलेटसाठी तो ही लेणी कागदावर उतरवतोय. पेशव्यांच्या शहरातल्या तांब्या-पितळेवर घाव घालणाऱ्या घराण्यातला हा माणूस दगडावरच्या घावांकडे बघतोय. वाकून त्याचा कागद बघायची इच्छा तुम्हांला होते. बघून घ्या. खांबाची कड त्यानं ज्या निगुतीनं ओढली आहे, ती कारागिरानं कारागिराला केलेली ओळख आहे. या संध्याकाळी तुम्हांला ज्यांना भेटायचं आहे, ती हीच माणसं. राजांची नावं आपल्याला ठाऊक आहेत. दगडाला हात लावला तो कुणी, एवढंच आज शोधायचं.

बाजूच्या पायवाटेनं काका तुम्हांला वर, कड्याच्या काठावर नेतात. खाली मंडपाच्या छतावरचं मोठं कमळ आणि त्यावरचे चार सिंह दिसतात. शिखराला पिवळं ऊन लागलंय. "डोळे मिटा," काका म्हणतात.

बदल आधी कानाला कळतो. टण्, टण्, टण्. एक नाही, शेकडो टाक्या, कुठली कुठे ते सांगता येऊ नये अशा एकमेकींत मिसळलेल्या. मग नाकाला, तापलेल्या लोखंडाचा वास. मग जिभेला, दगडाची कोरडी धूळ. डोळे उघडता तेव्हा खाली देऊळ नसतं. देवळाचं डोकं असतं.

राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण गादीवर आहे, आठव्या शतकाचा उत्तरार्ध सुरू झालाय. डोंगरात तीन बाजूंनी खोल चर खणलेत आणि मधे एक प्रचंड दगडी बेट उरलंय. त्या बेटाचा माथा शिखर झालाय, खालचं सगळं अजून नुसता डोंगर आहे. परांची नाही, परांची बांधायची गरजच नाही, कारण माणसं ज्या दगडावर उभी राहून कळस कोरताहेत तोच दगड उद्या कापून त्यांना खाली उतरायचंय. पायाखालची जमीन कापत कापत हे लोक देवळाच्या पायथ्याशी जाणार. पाया सगळ्यांत शेवटी.

कुणीतरी तुमच्या हातात टोपली देतं. बोथट झालेल्या टाक्यांनी भरलेली, अंदाजापेक्षा पुष्कळ जड. या काळ्या पाषाणावर टाकीची धार फार वेळ टिकत नाही, म्हणून चराच्या काठाला लोहाराचा भाता दिवसभर धापा टाकतोय. तुम्ही टोपली घेऊन जाता, लोहार मान वर न करता ती रिकामी करतो आणि धार लावलेल्या टाक्या परत भरतो. त्याच्या मागे एक म्हातारा पाथरवट गेरूत भिजवलेलं सूत दगडावर ताणून धरतो, चिमटीनं उचलतो, सोडतो. दगडावर लाल रेघ उमटते. त्या रेघेच्या अलीकडे हत्तीची पाठ आहे, पलीकडे कपच्या. तुम्ही त्याला विचारता, चुकलं तर? तो तुमच्याकडे जरा वेळ बघतो. बांधकामात चुकलेला दगड काढून दुसरा बसवता येतो. इथे दुसरा दगडच नाही. सगळं देऊळ एकाच दगडाचं आहे.

अंगण सुमारे 82 मीटर लांब, 46 मीटर रुंद होणार आहे. मागचा कडा तीस मीटरच्या वर खोल जाणार आहे. दोन लाख टन दगड इथून निघाला असेल असा अंदाज करतात. हा आकडा मी अनेकदा वाचला होता, पण टोपलीचं ओझं हाताला कळल्याशिवाय त्या आकड्याला वजन येत नाही.

पुढे, 812 च्या सुमाराला, कर्कराजाच्या बडोद्याच्या ताम्रपटात या देवळाचं वर्णन येईल. देव विमानातून जाताना थबकतात, असं तिथे म्हटलंय. त्याहून सुंदर गोष्ट तिथे आहे ती घडवणाऱ्याची. हे मी कसं केलं, असं त्याला स्वतःलाच नवल वाटलं. आणि पुढे कित्येक शतकांनी मराठी 'कथाकल्पतरू' सांगेल की एका राणीनं कळस दिसेपर्यंत अन्न न घेण्याचं व्रत धरलं, तेव्हा पैठणचा कोकस पुढे आला आणि त्यानं देऊळ वरून कोरायला घेतलं. कोकस खरा होता की नव्हता यापेक्षा मला मोल वाटतं ते लोकांनी राजाऐवजी कारागिराचं नाव लक्षात ठेवलं याचं.

टाक्यांचा आवाज मागे राहतो. पंधराव्या लेण्याच्या अंगणात येता. मधल्या मंडपावर दंतिदुर्गाचा लेख आहे, कृष्णाच्या पुतण्याचा. म्हणजे आकडा एकानं उतरला आणि तुम्ही एका राजवटीनं मागे आलात. वरच्या मजल्यावर नरसिंह हिरण्यकशिपूला धरतोय, त्याच्या अंगावर काका आरशातलं ऊन सोडतात आणि तो भिंतीतून अर्धा पाऊल पुढे आल्यासारखा वाटतो. पण काकांना दाखवायचंय वेगळंच.

"आता हा सबंध मजला बघा. खांबांच्या रांगा बघा. पलीकडं अकरा नंबर आहे ना, बौद्धांचं? आखणी तीच."

खरंच तीच आहे. पंधरावं लेणं विहार म्हणून सुरू झालं असावं, असं म्हणणारे अभ्यासक आहेत. काही बुद्धप्रतिमा इथे आहेतही. आणि पुढे अकराव्यात गेलात की दुर्गा आणि गणपती भेटतात. पाठ केलेल्या डब्याचे कप्पे इथे एकमेकांत सांडलेत. एकानं दुसऱ्याला हुसकून लावलं, असं सांगणं सोपं असतं, ऐकणाऱ्यालाही आवडतं. मला या दोन लेण्यांमधल्या अंगणांत ती लढाई दिसत नाही. मला दिसतात ती एकाच आळीतली पाथरवटांची घरं. बाप विहाराच्या कामावर, मुलगा शिवाच्या, आणि सूत ताणायची रीत दोघांची एकच.

अकराव्याला दो ताल म्हणतात, पण त्याचे मजले तीन. सगळ्यांत खालचा मातीत गाडलेला होता, तो 1876 साली उकरल्यावर कळला. बाराव्याकडे काका फार वेळ देत नाहीत. ऊन निसटतंय. तरी या बाराव्याचा, म्हणजे तीन तालचा, वरचा मजला चुकवू नका. दोन्ही बाजूंना सात-सात बुद्ध ओळीनं बसलेत, आणि समोरच्या दारातून येणारा उजेड आता तांबूस होतोय.

"चला, चला," काका म्हणतात. "दहाला उशीर व्हायला नको."

दहावं लेणं म्हणजे सुताराची झोपडी. आत पाऊल टाकता आणि मान आपोआप वर जाते. छताला लाकडी वासे आहेत, कमानदार, एकापुढे एक, उलट्या ठेवलेल्या होडीच्या पोटासारखे. हात लावता आला असता तर कळलं असतं, एकही लाकडाचा नाही. दगडात वासा कोरलाय. दगडाला वाशाची गरज नसते, छत त्याच्याशिवायही टिकतं. पण सातव्या शतकात ज्यांनी हे कोरलं त्यांच्या मनात चैत्य म्हणजे लाकडाचा, सुतारानं बांधलेला. कितीतरी पिढ्यांपूर्वी लाकडात काम केलेल्या हातांची आठवण पाथरवटानं दगडात जपली.

स्तूपाच्या पुढे बुद्ध बसलेत, पाय खाली सोडून, हात छातीशी, शिकवण देण्याच्या मुद्रेत. पश्चिमेकडच्या दर्शनी भागातल्या कमानदार खिडकीतून ऊन आत येतं. आधी जमिनीवर, मग खांबांवर. मार्चमधल्या काही दिवशी ते बुद्धाच्या चेहऱ्यापर्यंत पोचतं. तुम्ही तसा दिवस निवडलाय. काकांनी आरसा गुंडाळून ठेवलाय. आता त्याचं काम नाही.

ऊन चेहऱ्यावर चढतं तसे आजूबाजूला आवाज येतात. वरच्या सज्जातून पाठाचा एक धीमा सूर. तो वाशांवरून घरंगळत परत येतो, दुप्पट होऊन. भिक्षू कुठे आहेत ते दिसत नाही, पण दगड त्यांचा आवाज सगळीकडे पोचवतोय. किती वेळ गेला ते कळत नाही. मग तुमच्या शेजारी कुणीतरी बसतं. साल पुढे सरकलंय, एकोणिसाव्या शतकात कुठेतरी. आसपासच्या गावांतले सुतार आलेत, हातात नारळ. त्यांच्या लेखी हा विश्वकर्मा. छातीशी धरलेली बोटं त्यांनी कशी वाचली माहीत आहे? देवाला काम करताना बोटाला लागलं, तो जखम दाबून बसलाय. काका ही गोष्ट सांगतात तेव्हा स्वतःचं बोट तसंच धरून दाखवतात. बौद्ध परंपरेत या मुद्रेला धर्मचक्राचा अर्थ आहे आणि तो विसरला गेला, हे नुकसानच. पण हत्यार चालवणाऱ्या माणसांनी त्या मूर्तीत आपली जखम ओळखली आणि तिच्यापुढे नारळ ठेवला, हे मला टाकून देववत नाही.

ऊन चेहऱ्यावरून सरकून जातं. निघायला हवं.

सहाव्यात थोडं थांबा. इथे महामायुरी ही बौद्ध देवी. जवळ मोर, पायाशी पोथी वाचत बसलेला भिक्षू. सरस्वती म्हणून हात जोडणारे हात जोडून पुढे जातात, आणि त्यांची चूक फार मोठी नाही. काका उत्तरेकडे बोट करतात, एकविसाव्या रामेश्वर लेण्याच्या दिशेनं. मकरावर उभी असलेली तिथली गंगा या सहाव्याच्याही आधीची. वेरूळचं काम बौद्धांपासून सुरू झालं, असं आकडे बघून वाटतं, पण आकडे फक्त दक्षिणेकडून मोजलेत. पहिल्या टाक्या इथे पडल्या त्या शिवाच्या लेण्यांसाठी, असं आता बहुतेक अभ्यासक मानतात. महामायुरीच्या मोराची मान कोरणारा हात गंगेच्या मकराजवळ शिकला असेल का? मी हो म्हणेन.

आणि मग पाचवं. इतर लेणी डोंगरात उंच जातात, हे आत आत जातं. सुमारे छत्तीस मीटर खोल, चोवीस खांब, आणि मधोमध दगडातच राखलेले दोन लांब, बुटके बाक, एकमेकांसमोर, दारापासून थेट गाभाऱ्याच्या दिशेनं. इथे बसून पाठ चाले, असं कुणी म्हणतं. कुणी म्हणतं, ही पंगतीची जागा. तुम्ही बाकावर बसता. दिवे लागलेत. समोरच्या बाकावर भिक्षू बसलेत, म्हातारे, पोरसवदा, गोरे, काळे. बाक सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकाच उंचीचा आहे. कुणासाठी चार बोटं उंच नाही, कुणासाठी खाली नाही.

या लेण्याला लोक महारवाडा म्हणत आले.

बाबासाहेब आंबेडकर 1934 साली आपल्या सहकाऱ्यांबरोबर निघाले होते ते वेरूळची बौद्ध लेणी पाहायला. वाटेत दौलताबादचा किल्ला. प्रवासानं धुळीनं माखलेले ते सगळे दारातल्या हौदावर तोंड धुवायला थांबले आणि पाणी बाटवलं म्हणून आरडाओरडा झाला, शिव्या झाल्या. शेवटी किल्ल्यात सोडलं ते बरोबर हत्यारबंद शिपाई देऊन, कुठे पाण्याला हात लागू नये म्हणून. त्यांनी स्वतः हे लिहून ठेवलंय. तो हौद इथून गाडीनं अर्ध्या तासाच्या आत.

दिवे विझतात. समोरचा बाक रिकामा होतो. बाहेर चौकीदाराची शिट्टी वाजते, एकदा, मग लांब. काका उठत नाहीत. ते आरसा सोडवतात, दाराकडे जातात, क्षितिजावर उरलेलं शेवटचं तांबडं ऊन काचेवर घेतात आणि आत सोडतात. उजेड बाकावरून सरपटत तुमच्या हातापाशी येऊन थांबतो. बाकाच्या कडेवर टाकीचे घाव आहेत, तिरपे, जवळजवळ, एकसारखे.

"हात लावा," काका म्हणतात. "इथं चालतं. बसायचीच जागा हाय ही."