शरीराचा नकाशा काढणारा

रत्नागिरीहून गणपतीपुळ्याकडे जाणारा रस्ता आरे-वारेची टेकडी चढतो, आणि डोंगराच्या सोंडेने विलग केलेले दोन्ही किनारे एका नजरेत येतात. खाली वाळूतून चालणाऱ्याला पायाशी पडलेले शिंपले दिसतात. किनाऱ्याचा बाक दिसत नाही. शवविच्छेदनाच्या टेबलाशी प्रथमच उभ्या राहणाऱ्या विद्यार्थ्याची अवस्था अशीच असते. धमन्या, नीला, मज्जातंतू सारेच मळकट रंगाचे आणि एकमेकांत गुंतलेले! त्याला टेकडीवर नेण्याचे काम सचित्र शरीररचनाग्रंथ करतो.

ही वाट व्हेसॅलियसने १५४३ साली बाझेल येथे छापलेल्या ग्रंथाने रुंद केली. परंतु त्यातील अवयवांवर नुसती अक्षरे असत. त्यांचा अर्थ सूचीत शोधावा लागे. १८५८ साली लंडनमध्ये हेन्री ग्रे याचे 'ॲनाटमी' निघाले. त्यातील ३६३ आकृतींत बहुतेक नावे त्या त्या अवयवावरच छापलेली होती. धमनी वळली की अक्षरेही वळत. पाहणे आणि लक्षात ठेवणे ही दोन कामे एक झाली.

ग्रंथ ग्रेच्या नावाने गाजला. आकृती मात्र हेन्री व्हॅन्डाइक कार्टरच्या. चित्रकाराचा हा मुलगा स्वतः डॉक्टर होता. त्याला एकरकमी १५० पौंड मिळाले. ग्रेला तेवढीच रक्कम विकलेल्या दर हजार प्रतींमागे मिळायची होती. पुस्तक बाहेर पडले तेव्हा कार्टर मुंबईस पोचलाही होता.

१८४५ साली स्थापन झालेल्या ग्रँट मेडिकल कॉलेजात तो शरीररचना शिकवू लागला. १८५१ च्या पहिल्या तुकडीतील डॉ. भाऊ दाजी लाड यांना हे पुस्तक लाभले नव्हते. पुढच्या विद्यार्थ्यांना तर चित्रकारच गुरू म्हणून लाभला. नंतर तो साताऱ्यास सिव्हिल सर्जन झाला. कुष्ठरोग आणि 'मदुरा फूट' यांच्या अभ्यासात त्याने तीच नजर वापरली, आणि १८७७ साली तो ग्रँट कॉलेजचा प्राचार्य झाला.

चित्रालाही मर्यादा असतेच. एखादी धमनी पुस्तकातल्या जागी न फुटता दोन बोटे वर फुटते, आणि हे टेबलापाशीच कळते. पण नेहमीची जागा ठाऊक असल्याखेरीज वेगळेपण ओळखणार कसे?

२०२३ पासून रत्नागिरीतही शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे. आरे-वारेच्या मुलाला या विद्येसाठी आता मुंबईच गाठली पाहिजे असे नाही. ग्रेचे नाव तो पहिल्याच वर्षी शिकेल. कार्टरचेही कोणी त्याला सांगावे.