त्रिंगलवाडीचं लेणं आणि घोटीच्या डोंगरातल्या वाड्या : एका दिवसाच्या ट्रिपमध्ये नेमकं काय असतं?

पावसाळा लागला की इन्स्टावर इगतपुरी-घोटीच्या रील्स सुरू होतात. धुकं, धबधबे, हिरवीगार भातखाचरं आणि खाली लिहिलेलं असतं, ‘वन डे ट्रिप, चहा-नाश्ता-जेवणासहित’. यातल्या बऱ्याच ट्रिपांमध्ये एक नाव असतं त्रिंगलवाडीचं. डोंगराच्या पायथ्याशी कोरलेलं लेणं, वर किल्ला आणि आसपास आदिवासी वाड्या, असं एका दिवसात बसणारं पॅकेज.

पण ते लेणं कोणाचं? वाड्यांमध्ये कोण राहतं? आणि आपण भरलेल्या पैशातलं त्यांच्यापर्यंत काय पोहोचतं? एकेक करून बघू.

घोटीच का?

घोटी हे नाशिक जिल्ह्याच्या इगतपुरी तालुक्यातलं बाजाराचं गाव. मुंबई-आग्रा महामार्गावर, नाशिकपासून साधारण ३५ किलोमीटर आणि इगतपुरीपासून दहाएक किलोमीटर. मध्य रेल्वेच्या मुंबई-भुसावळ मार्गावर घोटीला स्टेशन आहे, पण जास्त गाड्या थांबतात त्या इगतपुरीला.

घोटीचं महत्त्व तिथून फुटणाऱ्या रस्त्यांमुळे आहे. एक रस्ता वैतरणा आणि त्र्यंबकेश्वरकडे जातो, एक सिन्नरला आणि एक बारीवरून भंडारदरा-राजूरकडे. बारी म्हणजे कळसूबाईचा पायथा. १६४६ मीटर उंचीचं हे शिखर राज्यातलं सगळ्यात उंच. म्हणजे कळसूबाई असो, भंडारदरा असो, कावनई असो की टाकेदचं सर्वतीर्थ, घोटीवरून गेल्याशिवाय बहुतेकांचं भागत नाही.

त्यात ५ जून २०२५ रोजी समृद्धी महामार्गाचा इगतपुरी ते आमणे हा शेवटचा टप्पा सुरू झाला आणि नागपूर-मुंबई असा ७०१ किलोमीटरचा सगळा रस्ता खुला झाला. कसारा घाटाच्या बाजूने जाणाऱ्या बोगद्यामुळे मुंबई-ठाण्याची माणसं आता सकाळी निघून रात्री घरी परत येऊ शकतात. वीकेंडची गर्दी वाढायला एवढं पुरेसं आहे.

लेणं आहे कोणाचं?

गावात कुणालाही विचारलं तर उत्तर मिळेल, ‘पांडवलेणी’. महाराष्ट्रात डोंगरात कोरलेलं काहीही जुनं दिसलं की ते पांडवांच्या नावावर जातं. वनवासात असताना पांडवांनी एका रात्रीत हे कोरलं, अशी गोष्ट डझनभर ठिकाणी सांगतात. नाशिक शहराजवळची बौद्ध लेणीसुद्धा याच नावाने ओळखली जातात.

त्रिंगलवाडीचं लेणं मात्र जैन आहे. ओसरी, आत चौकोनी सभामंडप आणि त्याच्या मागे गाभारा, अशी त्याची रचना. दरवाज्याच्या चौकटीवर बारीक नक्षी आहे. गाभाऱ्यात पहिले तीर्थंकर ऋषभदेव यांची बसलेली मूर्ती आहे. मूर्तीची झीज आणि मोडतोड झालेली आहे, मग ती ऋषभदेवांचीच हे कसं कळलं? तर प्रत्येक तीर्थंकराचं एक ठरलेलं लांछन, म्हणजे चिन्ह असतं. ऋषभदेवांचं चिन्ह बैल. तो बैल मूर्तीच्या बैठकीवर कोरलेला आहे.

तिथल्याच लेखात शके १२६६ असं वर्ष आहे, म्हणजे इसवी सन १३४४. खरी गंमत या वर्षात आहे.

अजिंठ्याचं काम साधारण पाचव्या शतकात थांबलं. वेरूळची जैन लेणी नवव्या-दहाव्या शतकातली. त्यानंतर महाराष्ट्रात डोंगर कोरून देवालय करण्यापेक्षा दगड रचून मंदिर बांधण्याची पद्धत रुळली. सिन्नरचं गोंदेश्वर हे त्याचं जवळचं उदाहरण. १३४४ मध्ये तर देवगिरीच्या यादवांचं राज्य जाऊन पंचवीसेक वर्षं झाली होती, दिल्लीच्या गादीवर मुहम्मद बिन तुघलक होता आणि बहमनी सत्ता उभी राहायला अजून तीन वर्षं होती. अशा धामधुमीत सह्याद्रीच्या या कोपऱ्यात कोणीतरी तीर्थंकराची मूर्ती बसवत होतं.

एवढ्या आडबाजूला का? याचं उत्तर वाटेत आहे. कोकणातल्या बंदरांकडून थळ घाट, म्हणजे आजचा कसारा घाट चढून माल नाशिककडे जायचा. जुनी लेणी बहुतेक अशाच व्यापारी वाटांच्या जवळ सापडतात, कारण दान देणारे व्यापारी त्याच वाटांनी ये-जा करायचे. नाशिक जिल्ह्यातच चांभार लेणी, अंकाई-टंकाई आणि मांगीतुंगी अशी जैन लेण्यांची मोठी परंपरा आहे. त्रिंगलवाडी त्याच माळेतली.

आणि किल्ला?

लेण्याच्या वर त्रिंगलवाडीचा किल्ला. काम तेच, घाटवाटेवर नजर ठेवण्याचं. वर जायला कातळात खोदलेल्या पायऱ्या आहेत आणि दरवाज्याजवळ मारुतीची मोठी कोरीव मूर्ती. १८१८ मध्ये इंग्रजांनी त्र्यंबकगड घेतल्यावर आसपासच्या ज्या किल्ल्यांनी न लढता शरणागती पत्करली, त्यात त्रिंगलवाडीही होता.

पायथ्याच्या वस्तीपासून लेण्यापर्यंतची वाट सोपी, शाळकरी पोरांनाही जमणारी. किल्ल्याचा माथा गाठायचा तर आणखी तासभर धरून चालायचं. पावसात कातळपायऱ्यांवर शेवाळ धरतं, तेव्हा चढण्यापेक्षा उतरणं अवघड जातं. बरोबर लहान मुलं किंवा वयस्कर माणसं असतील तर लेणं बघून मागे फिरण्यात काही कमीपणा नाही.

वाड्यांमध्ये काय बघायचं?

‘बघायचं’ हा शब्दच जरा जपून वापरावा लागतो, कारण ही माणसांची घरं आहेत. इगतपुरी तालुक्याचा मोठा भाग अनुसूचित क्षेत्रात येतो. इथल्या वाड्या-पाड्यांवर मुख्यतः महादेव कोळी, ठाकर आणि कातकरी समाजाची वस्ती आहे.

जुनं घर म्हणजे कारवीच्या काटक्यांचा कूड, त्यावर शेणमातीचा लेप, वर कौलं. पुढे पडवी, आत चूल आणि धान्याची कणगी. आता सिमेंटची घरं बरीच झालीत. ‘पारंपरिक गाव’ म्हणून आलेल्या पाहुण्यांचा कधीकधी त्याने हिरमोड होतो. पण पावसाळ्यात गळणाऱ्या घरात राहावं, ही अपेक्षा दुसऱ्याकडून करणं सोपं असतं.

इथलं वर्ष भातावर चालतं. उन्हाळ्यात राब भाजायचा, पाऊस पडला की रोपं टाकायची, जुलैत आवणी. आवणी म्हणजे भाताची लावणी. गुडघाभर चिखलात वाकून दिवसभर रोपं लावायची. दिवाळीच्या आगेमागे सोंगणी, मग झोडणी. तालुक्यातला भात घोटीच्या बाजारात आणि भातगिरण्यांमध्ये येतो. डोंगरउतारावर नागली, वरई आणि खुरासणी घेतात.

औताला आणि चिखलणीला इथे डांगी बैल. हा इगतपुरी, अकोले आणि डांग भागातला गोवंश. त्याच्या कातडीवर तेलकट थर असतो, त्यामुळे मुसळधार पावसातही तो टिकून काम करतो. वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस झेलणाऱ्या भागात दुसऱ्या जातीचा बैल लवकर थकतो.

जेवणात नागलीची भाकरी, ठेचा, खुरासणीची चटणी, हुलग्याचं पिठलं आणि पावसाळ्यात कुर्डू, टाकळा, कर्टुली यांसारख्या रानभाज्या. दिवाळीच्या सुरुवातीला वाघबारशीला वाघदेवाची पूजा होते. गुरं रानात चारणाऱ्या माणसाने वाघाशी केलेली ही समजूत म्हणायची.

धरण उशाला, कोरड घशाला

ट्रिपच्या बसमधून धरणंच धरणं दिसतात. १९१६ साली पूर्ण झालेलं दारणा, पलीकडे भावली, मुकणे, अप्पर वैतरणा. अप्पर वैतरणाचं पाणी मुंबईला जातं, दारणाचं गोदावरीच्या कालव्यांतून खाली अहिल्यानगर जिल्ह्यापर्यंत.

आणि याच तालुक्यातल्या कित्येक वाड्यांवर एप्रिल-मे महिन्यात बायका डोक्यावर हंडे घेऊन विहिरीच्या तळाशी उतरतात. कारण साधं आहे. खालचा बेसाल्ट खडक पाणी फारसं धरून ठेवत नाही, उतार तीव्र आहे, त्यामुळे पडलेला पाऊस वाहून खालच्या धरणात जातो. वस्ती वर आणि पाणी खाली. ते वर चढवायला पंप, टाकी आणि वीजबिल भरण्याची ऐपत लागते.

जुलैत येणाऱ्या पाहुण्याला हे दिसत नाही. म्हणून उन्हाळ्यात वाडीवर हात-पाय धुवायला बादलीभर पाणी मागताना ते कुठून आलंय, हे माहीत असलेलं बरं.

गाइड कोण, आणि पैसे कोणाला?

‘गाइडेड ट्रिप’मध्ये दोन प्रकारची माणसं असतात. एक, शहरातून तुमच्याबरोबर येणारा लीडर. दुसरा, गावातला वाटाड्या. लीडरला ग्रुप सांभाळणं आणि प्रथमोपचार येतात. कोणत्या ओढ्याला पाणी कधी चढतं, आग्या मोहोळ कुठे आहे आणि धुक्यात वाट कुठे चुकते, हे वाटाड्याला माहीत असतं. चांगल्या ट्रिपमध्ये दोघंही असतात. स्वस्त ट्रिपमध्ये बहुतेक वेळा दुसऱ्याला काट मारलेली असते.

तसं झालं तर गावाच्या वाट्याला काय येतं? गाड्यांची रांग, प्लॅस्टिकच्या बाटल्या आणि फोटोसाठी तुडवलेली भाताची रोपं. शेताचा बांध रस्त्यासारखा दिसतो, पण तो पाणी अडवायला घातलेला असतो. पंचवीस जण त्यावरून गेले की तो फुटतो आणि खाचरातलं पाणी निघून जातं. रोपं लावून झालेली असतील तर शेतकऱ्याची मेहनत वाया.

याला दुसरी वाटही आहे. अकोले तालुक्यातल्या पुरुषवाडीत पाहुण्यांचं जेवण आणि राहणं गावातल्या घरांमध्ये आळीपाळीने वाटून दिलं जातं. त्यामुळे कमाई रस्त्यालगतच्या एकाच घरात अडकत नाही आणि किती माणसं घ्यायची हे गावाच्या हातात राहतं. काजव्यांच्या दिवसांत तिथे मोठी गर्दी असते, तरी पद्धत टिकून आहे.

नियमांचं बोलायचं तर राज्य सरकारने २०२१ मध्ये साहसी पर्यटन धोरण आणलं. ट्रेकिंगसारखे उपक्रम चालवणाऱ्यांनी पर्यटन संचालनालयाकडे नोंदणी करणं त्यात अपेक्षित आहे. आणि लेण्यात खडूने, रंगाने किंवा खिळ्याने नाव लिहिण्याची ज्यांना सवय आहे त्यांच्यासाठी, केंद्र संरक्षित स्मारकाचं नुकसान केल्यास दोन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही, अशी कायद्यात तरतूद आहे.

बुकिंग करण्याआधी विचारायचे प्रश्न

१. संस्थेची पर्यटन संचालनालयाकडे नोंदणी आहे का?
२. गावातला वाटाड्या बरोबर आहे का, आणि त्याचे पैसे कोण देतं?
३. जेवण गावातल्या घरी आहे की महामार्गावरच्या हॉटेलात?
४. एका लीडरमागे किती माणसं?
५. जोरदार पावसाचा इशारा असेल तर ट्रिप रद्द होते का, आणि पैसे परत मिळतात का?

बरोबर काय न्यायचं? घट्ट पकड असलेले बूट, रेनकोट, दोन लिटर पाणी, कोरडा खाऊ आणि कचरा परत आणायला एक पिशवी. डोंगरात उग्र सेंट मारून जायचं नाही आणि धूरही करायचा नाही, दोन्हीमुळे मधमाश्या उठतात. रेंज मध्येच जाते, त्यामुळे घरी परतीची वेळ आधी सांगून ठेवायची. अडचण आली तर ११२ आणि रुग्णवाहिकेसाठी १०८.

जायचं कधी? धबधबे हवे असतील तर जुलै-ऑगस्ट, पण तेव्हा गाव आवणीत असतं आणि कोणाला बोलायला फुरसत नसते. लेणं नीट बघायचं असेल, चौकटीवरची नक्षी उजेडात न्याहाळायची असेल आणि पडवीत बसून दोन गप्पा मारायच्या असतील, तर सोंगणी उरकल्यानंतरचे डिसेंबर-जानेवारीचे दिवस बरे. तेव्हा खळ्यावर नवा भात असतो आणि गर्दी नसते. शिवाय वाटाड्याच्या हाताला तेव्हा शेतातलं काम नसतं, त्यामुळे त्या दिवसाच्या मजुरीची त्याला खरी गरज असते.