शेतजमिनीचा वारसा : मालकी आणि कब्जा यांचा पुरावा

वडिलोपार्जित शेतजमिनीच्या वादात न्यायालयापुढे दोन वेगळे प्रश्न असतात : जमीन कायद्याने कोणाची, आणि प्रत्यक्षात ती कोण कसतो. महाराष्ट्रात या दोन्हींचे उत्तर सातबारा उताऱ्यात शोधण्याची सवय आहे आणि अनेक दावे तिथेच फसतात.

सातबारा हा गाव नमुना सात (अधिकार अभिलेख) आणि गाव नमुना बारा (पिकांची नोंदवही) यांचा जोडउतारा होय. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ च्या कलम १५७ नुसार अधिकार अभिलेखातील नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी मानली जाते. मात्र या नोंदीचा हेतू महसुली आहे. नाव लागल्याने मालकी मिळत नाही आणि नाव निघाल्याने ती जात नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे. म्हणून चालू उताऱ्यापेक्षा त्यामागचे फेरफार (गाव नमुना सहा) महत्त्वाचे ठरतात. जमीन कुटुंबात खरेदीने आली, वाटपाने आली की कूळकायद्याने, हे तिथूनच उलगडत मागे नेता येते. जुन्या उताऱ्यांत थोरल्या भावाचे एकट्याचे नाव ‘एकत्र कुटुंब मॅनेजर’ या शेऱ्यासह आढळते. हा शेरा पुढच्या फेरफारात गळला, तर थोरल्याची शाखा स्वतःला एकमेव मालक समजू लागते. अशा वादात तो मूळ फेरफार सर्वांत आधी मिळवावा.

नाते सिद्ध करण्यासाठी वंशावळ लागते, पण प्रतिज्ञापत्रावर लिहून दिलेली वंशावळ नाकारली गेली की जन्ममृत्यूच्या नोंदी, शाळेचे दाखले आणि कुटुंबाची माहिती असलेल्या वयस्कांची साक्ष यांचाच आधार उरतो. मृत्युपत्र पुढे केल्यास त्यावर किमान दोन साक्षीदारांच्या सह्या हव्यात आणि हयात असलेल्या एका तरी साक्षीदाराने ते न्यायालयात शाबीत करावे लागते. मृत्युपत्र नोंदणीकृत असले तरी ही अट सुटत नाही.

सर्वांत जास्त अन्याय मुलींच्या हिश्श्यात झालेला दिसतो. हिंदू वारसा कायद्यातील ९ सप्टेंबर २००५ च्या दुरुस्तीने मुलगी जन्मतः सहदायाद ठरली. वडील त्या दिवशी हयात असणे आवश्यक नाही, हे विनीता शर्मा खटल्यात ११ ऑगस्ट २०२० रोजी स्पष्ट झाले. २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा हुकूमनाम्याने झालेले वाटप मात्र अबाधित राहते. तोंडी वाटपाचा बचाव सार्वजनिक कागदपत्रांचा भक्कम आधार असेल तरच, आणि तोही अपवादानेच, स्वीकारला जातो. ‘बहिणींनी तलाठ्यापुढे हक्क सोडला’ असा जबाब पुरेसा नाही. हक्कसोडपत्र नोंदणीकृत असावे लागते.

कब्जा दाखवायला पीकपाहणीच्या सलग वर्षांच्या नोंदी, साऱ्याच्या पावत्या, सोसायटीचे पीककर्ज, विहिरीची वीजबिले, ऊस किंवा कापूस विक्रीच्या पावत्या आणि बांधाला बांध असलेल्या शेतकऱ्यांची साक्ष उपयोगी पडते. एखाददुसऱ्या वर्षाची नोंद फारसे काही सिद्ध करत नाही. सहहिस्सेदारांमध्ये तर एकाचा कब्जा हा सर्वांच्या वतीने समजला जातो. पुण्यामुंबईला गेलेल्या भावाने वीस वर्षे शेत पाहिले नाही, एवढ्यावरून त्याचा हिस्सा बुडत नाही. त्याचा हक्क उघडपणे नाकारून, त्याला ते ठाऊक असताना, बारा वर्षे विरोधी कब्जा ठेवल्याचे सिद्ध करण्याची जबाबदारी कसणाऱ्यावर असते.

बळजबरीने कब्जा काढून घेतल्यास विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली सहा महिन्यांत दावा करता येतो. त्यात मालकीचा विचार होत नाही. मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खालील दाव्यालाही सहा महिन्यांचीच मुदत आहे. वारस नोंदीवर हरकत आली, तर ती तक्रारी नोंदवहीत जाते आणि महसूल अधिकारी चौकशी करून निर्णय देतो. मालकी ठरवण्याचा अधिकार मात्र दिवाणी न्यायालयाचाच. वाटपाचा हुकूमनामा झाल्यावर साऱ्याच्या जमिनीचे सरस-निरस पाहून प्रत्यक्ष तुकडे पाडण्याचे काम दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे सोपवले जाते. त्यासाठीची मोजणी भूमी अभिलेख खाते करते आणि तिच्या आधारे प्रत्येकाला आपापल्या हिश्श्याचा ताबा मिळतो.