आई-बापाचं ‘लक्ष नाही’ की वेळ नाही? नोकरी, पैसा आणि संस्कृती मुलांचं बालपण कसं घडवतात

पालकसभेला कुणी आलं नाही, की शाळेत एक वाक्य हमखास ऐकू येतं : “यांचं मुलाकडे लक्षच नाही.” पण सभा सकाळी दहाला असेल आणि बाप चाकणच्या कंपनीत फर्स्ट शिफ्टला असेल, तर? काँट्रॅक्टवरच्या कामगारासाठी एक खाडा म्हणजे एका दिवसाचा पगार गेला. मूल कसं वाढवायचं हे आई-बापाच्या स्वभावावर ठरतं, असं आपण धरून चालतो. प्रत्यक्षात हातात किती वेळ आहे, नोकरी कसली आहे, घरात माणसं किती आहेत आणि मुलाचं पुढे काय होईल असं वाटतं, यावर ते बरंचसं ठरतं. पिंपरी-चिंचवडमध्ये हे अगदी जवळून पाहता येतं.

एकाच शहरात किती प्रकारची घरं?

१९५४ मध्ये पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्स आली. १९६२ मध्ये एमआयडीसी स्थापन झाली. टेल्को आणि बजाजसारखे कारखाने उभे राहिले. पिंपरी, चिंचवड, आकुर्डी, भोसरी ही गावं मिळून १९७० मध्ये नगरपालिका आणि १९८२ मध्ये महानगरपालिका झाली. कामगारांना परवडणारी घरं मिळावीत म्हणून १९७२ मध्ये नवनगर विकास प्राधिकरण आलं. २०११ च्या जनगणनेत शहराची लोकसंख्या १७ लाखांच्या वर गेली होती.

या वाढीतून चार ठळक प्रकारची घरं तयार झाली. कंपनीत पर्मनंट झालेल्या, युनियनने पगारवाढ मिळवून दिलेल्या कामगारांची घरं. हिंजवडीत नोकरी आणि वाकड-पिंपळे सौदागरला फ्लॅट असलेली आयटीवाल्यांची घरं. चाकणजवळच्या महाळुंगे, निघोजे, कुरुळीत भाड्याच्या खोलीत राहणारी, मराठवाडा-विदर्भातून किंवा यूपी-बिहारमधून आलेल्या काँट्रॅक्ट कामगारांची घरं. आणि जमिनी विकून पैसा आलेली मूळ गाववाल्यांची घरं, ज्यांना लोक चिडवून ‘गुंठामंत्री’ म्हणतात.

नोकरी आणि शिस्त यांचा काय संबंध?

अमेरिकन समाजशास्त्रज्ञ मेल्विन कोन यांनी १९६९ च्या पुस्तकात एक साधा प्रश्न विचारला : मुलात कोणता गुण हवा, असं पालकांना वाटतं? कामगार वर्गातले पालक आज्ञाधारकपणा, नीटनेटकेपणा यावर जास्त भर देत होते. मध्यमवर्गीय पालक स्वतः विचार करण्यावर आणि कुतूहलावर. कोन यांनी याचं कारण बापाच्या कामात शोधलं. ज्याच्यावर दिवसभर कुणाची तरी नजर असते, ज्याला तेच काम ठरल्या पद्धतीनेच करायचं असतं, त्याला अनुभवाने कळलेलं असतं की नियम मोडला की नोकरी जाते. तो पोराला तेच शिकवतो. ज्याला कामात स्वतः निर्णय घ्यायचे असतात, तो पोरालाही ‘तुला काय वाटतं?’ असं विचारतो.

हे चौकटबंद नाही. पण असेंब्ली लाइनवर उभ्या राहणाऱ्या बापाचं “उलट बोलू नकोस, सांगितलं तेवढं कर” आणि प्रोजेक्ट मॅनेजर आईचं “का नको ते मला समजावून सांग” यांच्यामागे दोन वेगळ्या नोकऱ्या असू शकतात. दोघंही मुलाला आपल्याला माहीत असलेल्या जगासाठी तयार करत असतात.

‘जोपासना’ आणि ‘आपोआप वाढ’

ॲनेट लॅरो यांनी २००३ मध्ये ‘अनइक्वल चाइल्डहूड्स’ हे पुस्तक लिहिलं. अमेरिकेतल्या नऊ-दहा वर्षांच्या मुलांच्या ८८ कुटुंबांशी बोलून आणि त्यातल्या १२ घरांत जवळून वावरून त्यांनी दोन पद्धती मांडल्या.

मध्यमवर्गीय घरात मुलाची आखीव जोपासना होते : क्लास, खेळाचं कोचिंग, प्रत्येक गोष्टीवर चर्चा. डॉक्टरकडे जाताना आई मुलाला सांगते, तुला काय विचारायचंय ते ठरवून ठेव. कामगार आणि गरीब घरांत अन्न, कपडे, सुरक्षितता आणि माया देण्यासाठीच पालक झटतात. बाकी मूल भावंडांत, नातेवाइकांत खेळत आपोआप वाढतं, असा त्यांचा विश्वास असतो.

लॅरो यांनी दुसऱ्या पद्धतीला कमी लेखलं नाही. या मुलांना मोकळा वेळ जास्त मिळतो, ती स्वतःच खेळ शोधतात, नात्यातल्या माणसांशी त्यांची जवळीक जास्त असते. उलट जोपासनेतली मुलं अनेकदा दमलेली असतात आणि भावंडांशी जास्त भांडतात. फरक पडतो तो शाळा, दवाखाना, ऑफिस अशा ठिकाणी. तिथे प्रश्न विचारणारं, मोठ्यांशी बरोबरीने बोलणारं मूल ‘हुशार’ ठरतं. खाली मान घालून ऐकणारं मूल मागे राहतं.

मग संस्कृतीचा भाग कुठे?

वर्गाने सगळंच ठरत नाही. अमेरिकेतलं वर्णन इथे जसंच्या तसं लागू होत नाही, कारण इथे मूल फक्त आई-बापाचं नसतं. गावाकडून आलेली आजी नातवाला सांभाळते, म्हणून सून कामाला जाऊ शकते. आयटीवाल्यांच्या फ्लॅटमध्येही तेच दिसतं. दोन्ही घरांत पाहुणे आले की “नमस्कार कर” हे वाक्य येतंच. देहू-आळंदीच्या शेजारच्या गावांत हरिपाठ, भोसरीत तालीम आणि कबड्डी हे संस्कार श्रीमंत-गरीब दोघांच्या पोरांवर होतात.

पण संस्कृती सगळ्या मुलांना सारखी वागवत नाही. दोघंही कामावर असतील तर धाकट्याला सांभाळायचं, पाणी भरायचं, भात लावायचा हे काम बहुतेक वेळा थोरल्या मुलीकडे येतं. मुलगा त्या वेळात बाहेर खेळत असतो. वस्ती सुरक्षित वाटत नाही म्हणून मुलीला गावी आजीकडे ठेवलं जातं. यात माया असते, पण तिची शाळा बदलते.

शाळा कोणाला ओळखते?

शिक्षण हक्क कायदा २०१० पासून लागू झाला. त्यानुसार खासगी विनाअनुदानित शाळांनी पहिल्या वर्गातल्या २५ टक्के जागा दुर्बल आणि वंचित घटकांतल्या मुलांना द्यायच्या असतात. फेब्रुवारी २०२४ मध्ये राज्य सरकारने नियम बदलून, जवळ सरकारी किंवा अनुदानित शाळा असलेल्या खासगी शाळांना यातून सूट दिली. जुलै २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो बदल रद्द केला.

या जागांमुळे दोन वेगळ्या पद्धतींनी वाढलेली मुलं एकाच बाकावर येतात. प्रवेश मिळाला तरी पुढे थर्माकोलचं प्रोजेक्ट, इंग्रजीतला व्हॉट्सॲप ग्रुप, घरी करून घ्यायचा अभ्यास असतोच. हे सगळं घरी मोकळा आणि इंग्रजी जाणणारा एक माणूस आहे, असं धरून दिलेलं असतं. तो नसला की मूल ‘कच्चं’ ठरतं. प्रवेशासाठी मुलाची किंवा पालकांची मुलाखत घेण्यावर याच कायद्याने बंदी आहे. रोजच्या गृहपाठातून होणाऱ्या पालकांच्या परीक्षेवर मात कुठलाही नियम नाही.

मूल सांभाळणं हे कुणाचं काम?

१९४८ च्या कारखाने कायद्यात ३० पेक्षा जास्त महिला कामगार असलेल्या कारखान्यात पाळणाघराची सक्ती होती. म्हणजे मोजणी बायकांची. हजार पुरुष काम करत असले तरी त्यांना मुलं आहेत, हे या नियमाला दिसत नव्हतं. २०१७ मध्ये मातृत्व लाभ कायद्यात दुरुस्ती झाली आणि ५० किंवा अधिक कर्मचारी असलेल्या आस्थापनांना पाळणाघर बंधनकारक झालं. तरी त्यात दिवसातून चार वेळा मुलाला भेटण्याची मुभा दिली ती आईलाच.

महाराष्ट्राने या प्रश्नाचा विचार फार आधी केला होता. ताराबाई मोडक यांनी १९४५ मध्ये बोर्डीत ग्रामीण मुलांसाठी काम सुरू केलं आणि पुढे अनुताई वाघ यांच्यासह कोसबाडला आदिवासी मुलांमध्ये ते वाढवलं. मूल शाळेत येऊ शकत नसेल तर शाळेने मुलाच्या अंगणात जावं, हा त्यांचा विचार. ‘अंगणवाडी’ तिथूनच आली. १९७५ मध्ये केंद्राची एकात्मिक बालविकास योजना सुरू झाली आणि हा शब्द देशभर गेला. पण अंगणवाडी काही तासच चालते आणि शिफ्ट आठ तासांची असते. मधले तास थोरली बहीण, शेजारीण किंवा मोबाइल भरून काढतो.

मग काय करता येईल?

पालकसभा रविवारी किंवा दोन वेगवेगळ्या वेळांना ठेवता येते. ग्रुपवरचा निरोप मराठी-हिंदीत किंवा आवाजी संदेशाने देता येतो. प्रोजेक्ट शाळेतच करून घेता येतं. सरकारी आणि अनुदानित शाळांच्या व्यवस्थापन समितीत तीन चतुर्थांश सदस्य पालक असावेत, असं शिक्षण हक्क कायदा सांगतो. तिथे बैठकीची वेळ शिफ्ट बघून ठरली, तर कामगार पालकही बोलू शकतील. यातल्या पहिल्या तीन गोष्टींना तर वेगळा निधीही फारसा लागत नाही. पुढच्या वेळी एखाद्या मुलाबद्दल ‘घरी लक्ष नाही’ असं ऐकलं, तर आधी त्याचे आई-बाप कोणत्या शिफ्टला आहेत, हे विचारावं.