तबकडीवर नसलेलं नाव

करंजी घाटाच्या चढाला एसटी गिअर बदलते आणि तुमच्या इअरफोनमध्ये नेमकं 'दम मारो दम' लागतं. आशाबाईंचा आवाज यायला अजून अवकाश आहे. आधी गिटार येते, इलेक्ट्रिक गिटार. एकाच जागेभोवती घुटमळणारी, अंगावर चढत जाणारी. ही सुरावट तुम्ही कॉलेजच्या गॅदरिंगला ऐकली आहे, वरातीत ऐकली आहे, पानाच्या टपरीवर ऐकली आहे. पहिल्या दोन सेकंदांत गाणं ओळखता ते गिटारीवरून. पण ती गिटार वाजवली कुणी, हे तुम्हाला कधी कुणी सांगितलेलं नाही आणि तुम्हीही कधी विचारलेलं नाही.

घाटमाथ्यावर गाडी थांबते. तुम्ही उतरता, तेव्हा 1972 चा डिसेंबर चालू आहे.

डोंगर तेच आहेत, पण माळावर हिरवं असं काही उरलेलं नाही. विहिरींचे तळ दिसताहेत. दावणी रिकाम्या आहेत. तुमच्या हातात हातोडी आहे आणि तळव्याला फोड. दिवसभर तुम्ही दुष्काळी कामावर खडी फोडली आहे. दुपारी सुकडी मिळाली, घरी लाल मिलोची भाकरी आहे. पाथर्डी तालुक्यातल्या या वाडीवर आज कुणाच्या तोंडी पावसाशिवाय दुसरा विषय नाही. तरी अंधार पडल्यावर शाळेच्या ओट्यावर माणसं जमतात, कारण आज बुधवार आहे आणि गुरुजींकडे ट्रान्झिस्टर आहे.

सेल दिवसभर उन्हात ठेवलेत, म्हणजे तासभर तरी चालतील. आठ वाजता रेडिओ सिलोन लागतं. आवाज लाटेसारखा येतो, विरतो, पुन्हा येतो. अमीन सायानी वर्षभराच्या गाण्यांची चढती पायरी सांगताहेत. गुरुजींच्या मांडीवर दोनशे पानी वही आहे. तिच्यात पेन्सिलीने आखलेले रकाने: गाणं, चित्रपट, गायक, संगीतकार, गीतकार. दर बुधवारी ते त्यात नोंद करतात. अशा वह्या तेव्हा गावोगाव होत्या. आपल्याकडे संगीताचा एवढा मनापासून ठेवलेला दुसरा दप्तरखाना मला तरी माहीत नाही.

बिनाका गीतमालेचं त्या वर्षीचं सरताज गीत लागतं, तेच 'दम मारो दम'. गिटार सुरू होते. दिवसभर दगडावर हात आपटलेला एक म्हातारा मान डोलावतो. शब्द अजून आलेलेच नाहीत, आणि तो डोलतोय.

"गुरुजी, हे सुरुवातीला वाजतंय ते कोन वाजवतंय वो?"

गुरुजी वही उलटतात, पालटतात. तसा रकानाच नाही.

म्हणून तुम्ही आणखी मागे जाता. 1971, मुंबई. स्टुडिओचं जाड दार तुमच्यामागे बंद होतं आणि बाहेरच्या गाड्यांचा आवाज चाकूने कापल्यासारखा थांबतो. आत माणसंच माणसं आहेत: व्हायोलिनवाले गोव्याचे, तालवाद्यांपाशी मारुतीराव कीर, ट्रान्झिकॉर्डवर चरणजीत सिंग. गिटार घेऊन बसलेला सरदार एकतीस वर्षांचा आहे. भूपिंदर सिंग.

इथलं काम कसं चालतं ते नीट पाहा. गायिका आणि सगळा ताफा एकाच वेळी गातो-वाजवतो. आज वेगवेगळे ट्रॅक घेऊन नंतर जोडतात, तशी सोय इथे नाही. चौथ्या मिनिटाला कुणाचं बोट घसरलं, तर सगळ्यांनी पहिल्यापासून. म्हणून गाण्याची सुरुवात ज्याच्या हातात, त्याच्या छातीवर सगळ्यात मोठा दगड. ज्याच्यामागे लपावं असं पुढे कुणीही नाही. शांततेत पहिला आवाज त्याचा. पंचम, म्हणजे संगीतकार राहुलदेव बर्मन, मान हलवतो, मोजणी होते आणि भूपिंदर तार छेडतो. पाथर्डीतल्या त्या म्हाताऱ्याची मान ज्या ठिकाणी डोलणार आहे, ती जागा या क्षणी तयार होते. टेक ओके होतो, गिटार पेटीत जाते, वादक दुसऱ्या स्टुडिओकडे निघतो. दिवसाला एकाहून जास्त रेकॉर्डिंग असणं ही चांगल्या वादकाची रोजची गोष्ट.

या माणसाला इथवर कुणी आणलं, ते बघायला अजून नऊ वर्षं मागे जावं लागतं. दिल्ली, 1962. अमृतसरचा हा मुलगा आकाशवाणीवर सतीश भाटियांच्या हाताखाली वाजवतो. घरात वडीलच संगीत शिकवणारे. भाटियांनी मदन मोहन यांना जेवायला बोलावलंय. त्या बैठकीत मदन मोहन या मुलाला ऐकतात आणि मुंबईला बोलावून घेतात. 1964 च्या 'हकीकत'मध्ये रफी, तलत आणि मन्ना डे यांच्या शेजारी उभं राहून त्याला गायला मिळतं. तेव्हा या तिघांच्या मध्ये उभं राहायचं, म्हणजे काय पोटात गोळा आला असेल! 1966 च्या 'आखरी खत'मध्ये तर दिग्दर्शक चेतन आनंद त्याला गिटारीसकट पडद्यावरच आणतात.

तरीही पुढची कितीतरी वर्षं त्याच्या हाताची ओळख लोकांना होते ती नावावाचून. 1973 ला 'यादों की बारात' येतो. 'चुरा लिया'च्या आरंभी काचेची किणकिण, आणि तिच्यामागून येणारी गिटार पुन्हा त्याचीच. 'शोले'तल्या 'महबूबा'लाही तोच. देशातल्या निम्म्या पोरांनी गिटार हातात घेतल्यावर पहिल्यांदा वाजवायचा प्रयत्न केला तो याच सुरावटींचा, आणि तबकडीवर नाव गायकाचं, संगीतकाराचं, गीतकाराचं. मला ही गोष्ट लागते. लिहिणाऱ्याचं नाव जातं, चाल बांधणाऱ्याचं जातं, मग ज्याच्या बोटातून गाण्याचा चेहरा घडला त्याचं का जाऊ नये?

हे दुखणं एकट्या मुंबईचं नव्हतं. क्षणभर डेट्रॉइटला या. एका साध्या घरातच मोटाउन कंपनीचा स्टुडिओ आहे, वादक त्याला सापांचा खड्डा म्हणतात. सोल संगीताची पाठोपाठ गाजलेली गाणी इथे जन्मली. वाजवणारे तेच ते, फंक ब्रदर्स. 1964 मध्ये रॉबर्ट व्हाइट नावाच्या गिटारिस्टने 'माय गर्ल'ची सुरुवात वाजवली, सहा-सात सुरांची चढण, जग ओळखतं अशी. पुढे खूप वर्षांनी हॉटेलात जेवायला बसला असताना तेच गाणं लागलं. वेटरला सांगायला त्याने तोंड उघडलं, आणि मग गप्प राहून जेवणाची ऑर्डर दिली. सांगितलं तर कोण विश्वास ठेवणार? 1994 मध्ये तो गेला. फंक ब्रदर्सवरचा माहितीपट आला 2002 मध्ये. मोटाउनने या वादकांची नावं पहिल्यांदा एका अल्बमवर छापली ती मार्विन गे यांच्या, 1971 साली. म्हणजे मुंबईत आपला सरदार ती तार छेडत होता, त्याच वर्षी.

भूपिंदरचं नशीब एका बाबतीत रॉबर्ट व्हाइटहून वेगळं. त्याला गळा होता. रुंद, किंचित घोगरा, दिवस संपताना खिडकीपाशी बसलेल्या माणसासारखा. 1977 मध्ये चला. 'घरौंदा' लागलाय, जयदेव यांचं संगीत. मुंबईत खोली शोधत फिरणारं जोडपं. खाली थिएटरात बसलेल्यांत नगरकडून आलेलेही असतील, दुष्काळाने ज्यांची शेती मोडली आणि जे गिरण्यांच्या आसऱ्याला आले. त्या एकाकीपणाला भूपिंदरचा आवाज जितका शोभला तितका दुसऱ्या कुणाचा शोभला नसता, असं मी छातीठोकपणे म्हणेन. त्याच वर्षी 'किनारा', दोन वर्षं आधी 'मौसम'. आता नाव झालं. पुढे तो आणि पत्नी मिताली गझला गाऊ लागले आणि गझलेच्या बैठकीत त्याने आपली स्पॅनिश गिटार नेऊन ठेवली. 18 जुलै 2022 ला मुंबईत तो गेला, तेव्हा वर्तमानपत्रांनी गायक गेला असं लिहिलं. खरंच होतं ते. पण अर्धं.

आता पुन्हा शाळेच्या ओट्यावर या. गाणं संपत आलंय, सेल दमलेत, आवाज खरखरतोय. थंडी पडू लागली आहे. म्हातारा अजून गुरुजींकडेच बघतोय. डेट्रॉइटच्या त्या हॉटेलातला गिटारिस्ट तुम्हाला आठवतो.

"भूपिंदर सिंग," तुम्ही म्हणता.

"कोण म्हणालात पाव्हणं?"

"गिटार वाजवणारा. भूपिंदर सिंग."

गुरुजी पेन्सिलीला टोक काढतात. रकाने पाच, पाचही भरलेले. मग वही आडवी धरून समासाच्या कोऱ्या पट्टीत, वरून खाली, ते सावकाश अक्षरं काढू लागतात.