दुसऱ्या मालकाचा हिशेब

नाशिकच्या त्र्यंबक रस्त्यावर 'मायको सर्कल' नावाचा चौक आहे. मायको म्हणजे मोटर इंडस्ट्रीज कंपनी. जर्मनीच्या बॉश कंपनीचे तंत्र घेऊन ही कंपनी १९५१ साली बंगळूरला उभी राहिली आणि सत्तरच्या सुमारास तिने नाशिकला सातपूरच्या औद्योगिक वसाहतीत कारखाना काढला. तिथे डिझेल इंजिनाचे नोझल, म्हणजे सिलिंडरमध्ये डिझेलची फवारणी करणारी टोके, बनू लागली. २००८ साली कंपनीचे नाव बॉश झाले. चौकाचे नाव मात्र लोकांनी बदलू दिले नाही.

मी इंजिनिअर नाही. बी-बियाण्यांचे दुकान चालवता चालवता जुनी कागदपत्रे वाचायची सवय लागली, तेवढेच माझे शिक्षण. आजवर गावच्या सोसायटीची दप्तरे, विहिरींच्या नोंदी आणि बाजारसमितीच्या पावत्या यांवर काम केले. या लेखाचे साधन मात्र माझ्या घरातच सापडले. २०१९ साली मी एक डिझेल गाडी जुनी घेतली. ती २०१४ची, दिल्लीत नोंदलेली, पाच माणसांच्या कुटुंबाला पुरणारी होती. हल्ली ज्याला 'क्रॉसओव्हर' म्हणतात त्या घाटाची, म्हणजे सांगाडा मोटारीचा आणि उंची जीपची. गाडीबरोबर एक जाड फाईल आली. तिच्यात पहिल्या मालकाने पाच वर्षांची बिले तारीखवार लावून ठेवली होती. सर्वांत खाली एक कागद होता. त्यावर पेट्रोल आणि डिझेल असे दोन रकाने आखून, आकडेमोड करून, डिझेलखाली दोन रेघा ओढलेल्या होत्या.

या दोन रेघा कुठून आल्या, हे शोधताना हा लेख झाला.

विहिरीवरचे इंजिन

माझ्या पिढीतल्या शेतकरी घरांना डिझेलची पहिली ओळख मोटारीमुळे झाली नाही, विहिरीमुळे झाली. आमच्या निफाड तालुक्यात वीज पोहोचायच्या आधी विहिरीवर ऑइल इंजिन असे. वडील हँडल मारत आणि वेग आला की झडपेचा खटका पाडत. एक काळा भपकारा निघे आणि मग दिवसभर त्याचे ठोके शिवारात ऐकू येत. किर्लोस्कर ऑइल इंजिन्स ही कंपनी १९४६ साली पुण्याजवळ खडकीला सुरू झाली. महाराष्ट्रातील पाण्याचा इतिहास लिहिणाऱ्याला तिला वगळून चालणार नाही.

या इंजिनाचे मूळ जर्मनीतल्या ऑग्सबुर्ग शहरात आहे. रुडॉल्फ डिझेलने १८९७ साली तेथे जे इंजिन चालवून दाखवले, त्याने इंधनातल्या उष्णतेपैकी २६ टक्क्यांहून थोडा अधिक भाग कामाला लावला. त्या काळच्या वाफेच्या इंजिनांना हे साधत नव्हते. ठिणगीची गरज नाही. हवा इतकी दाबायची की ती तापते, आणि त्या तापल्या हवेत इंधन फवारले की ते आपोआप पेट घेते. सगळी मेख या फवारणीत होती. बॉशने १९२७ साली फवारणीचा पंप घाऊक प्रमाणात बनवायला सुरुवात केली. त्यानंतरच डिझेल ट्रकमध्ये सुखाने बसले. १९३६ साली मर्सिडीज-बेंझची '२६० डी' ही डिझेल मोटार बर्लिनच्या प्रदर्शनात मांडली गेली.

आपल्याकडे डिझेल हे कामाचे इंधन राहिले. पंप, ट्रॅक्टर, ट्रक, एसटी, रेल्वे. त्याची किंमत वाढली की भाजी, धान्य आणि तिकीट महागते, म्हणून सरकारे ते पेट्रोलपेक्षा स्वस्त ठेवत आली. पेट्रोल हे मोटारवाल्यांचे, म्हणून त्यावर कर जास्त. धोरण म्हणून यात काही वावगे नव्हते. फक्त दोन टाक्यांच्या मधली ही भिंत पक्की नव्हती.

भिंत ओलांडणारे

सत्तरच्या दशकाच्या अखेरीस अँबेसेडरला डिझेल इंजिन बसले. १९७९ साली महिंद्राने फ्रान्सच्या प्यूजोकडून डिझेल इंजिन बनवण्याचा परवाना घेतला. पुढे आमच्या भागातल्या काळ्या-पिवळ्या जीप, लग्नाची वऱ्हाडे आणि पुढाऱ्यांचे दौरे याच जातीच्या इंजिनांवर चालले. पुण्यात टाटांनी १९९१ साली सिएरा, १९९२ साली इस्टेट आणि १९९४ साली सुमो आणली. सुमो हे नाव सुमंत मुळगावकरांच्या नावावरून घेतलेले, हे मराठी वाचकाला सांगायला नको. या गाड्यांचे डिझेल इंजिन १९४८ सीसीचे होते. १९९८च्या अखेरीस आलेल्या इंडिकाने डिझेल साध्या नोकरदाराच्या दारात नेले.

तरी घरच्या गाडीत डिझेल नको म्हणणारे पुष्कळ होते. आवाज, थरथर, धूर. हा आक्षेप 'कॉमन रेल' या तंत्राने काढून घेतला. जुन्या पद्धतीत पंप प्रत्येक नोझलला आळीपाळीने डिझेल ढकलतो. कॉमन रेलमध्ये पंप एका सामाईक नळीत प्रचंड दाब साठवून ठेवतो आणि संगणकाच्या हुकमावर विजेचे इंजेक्टर क्षणभर उघडतात. जुन्या नोझलचा दाब दीडशे-दोनशे बार असे, तो आता दीड हजाराच्या पुढे गेला. १९९७ साली अल्फा रोमिओच्या '१५६' या मोटारीत हे तंत्र बाजारात आले आणि पाच वर्षांत भारतातही दिसू लागले. फियाटचे १२४८ सीसीचे इंजिन पुण्याजवळ रांजणगावला आणि हरियाणात मानेसरला बनू लागले. फियाट, मारुती, टाटा अशा प्रतिस्पर्धी कंपन्यांच्या गाड्यांत एकच इंजिन बसल्याने वाहनप्रेमी त्याला गमतीने 'राष्ट्रीय इंजिन' म्हणत.

करानेही हातभार लावला. २००६च्या अर्थसंकल्पात चार मीटरच्या आतल्या छोट्या मोटारींवरचे उत्पादन शुल्क २४ टक्क्यांवरून १६ टक्क्यांवर आले. त्यात पेट्रोल इंजिनाला १२०० सीसीची मर्यादा होती, डिझेलला १५००ची. जून २०१०मध्ये पेट्रोलचे दर सरकारी नियंत्रणातून सुटले, डिझेलचे तसेच राहिले. मे २०१२च्या अखेरीस दिल्लीत पेट्रोल ७३ रुपये १८ पैसे होते आणि डिझेल ४० रुपये ९१ पैसे. म्हणजे लिटरला ३२ रुपयांचा फरक. त्याच जुलैत रेनोची डस्टर आली, पुढच्या वर्षी फोर्डची इकोस्पोर्ट. २०१२-१३मध्ये देशात विकल्या गेलेल्या नव्या प्रवासी गाड्यांपैकी निम्म्याहून अधिक डिझेलच्या होत्या.

दोन रेघांचा हिशेब आता मांडता येतो. डिझेल गाडी लिटरला १६ किलोमीटर देते आणि तशीच पेट्रोल गाडी १२ देते असे धरू. त्या मे महिन्यातल्या दराने डिझेलचा खर्च किलोमीटरला सुमारे अडीच रुपये येतो, पेट्रोलचा सहा. लाखभर किलोमीटरला साडेतीन लाखांची बचत. कोण सोडील?

पण ही बचत कुणाच्या खिशातली? जानेवारी २०१३मध्ये सरकारने ठोक ग्राहकांना, म्हणजे रेल्वेला आणि राज्यांच्या परिवहन महामंडळांना, बाजारभावाने डिझेल द्यायचे ठरवले. किरकोळ पंपावरचा भाव मात्र महिन्याला पन्नास पैशांनी सावकाश वाढणार होता. परिणाम असा झाला की एसटीला लिटरमागे सुमारे दहा रुपये जास्त पडू लागले आणि लाल गाड्या आगार सोडून रस्त्यावरच्या पंपांवर रांगेत उभ्या राहिल्या. त्याच रांगेत पुढे एखादी नवी कोरी गाडी स्वस्त डिझेल भरत असे. गरिबांसाठी बांधलेली भिंत कशी उलटी फिरली, याचे याहून स्पष्ट चित्र मला कुठल्या दप्तरात सापडलेले नाही.

ऑक्टोबर २०१४मध्ये डिझेलही नियंत्रणमुक्त झाले. माझ्या फाईलमधले खरेदीचे बिल त्याच वर्षीच्या जूनचे आहे. पहिल्या मालकाने सवयीने रेघा ओढल्या आणि चार महिन्यांत त्याचे गणित पातळ व्हायला लागले.

दिल्लीहून नाशिकला

एप्रिल २०१५मध्ये राष्ट्रीय हरित लवादाने दहा वर्षांपेक्षा जुन्या डिझेल गाड्यांना दिल्ली परिसरात मनाई केली. ऑक्टोबर २०१८मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. तोवर निम्मे आयुष्य संपत आलेल्या गाड्यांचे दिल्लीतले मोल घसरले. ना-हरकत दाखले घेऊन त्या इतर राज्यांत निघाल्या. माझी गाडी या ओघातली. मी खूश होतो. तशीच गाडी इथे पावणेदोन लाखांनी महाग होती. नव्याने रस्ता कर भरला, एमएच १५ची पाटी लावली, पेढे वाटले.

२०२२च्या पावसाळ्यात कसारा घाटात गाडीचा दम गेला. पिवळा दिवा लागला आणि ती ताशी तीसच्या वर जाईना. घरची मंडळी गाडीत, मागे ट्रकांची रांग. कशीबशी घोटीपर्यंत आणली. निदान झाले ते असे: उच्च दाबाच्या पंपाची झीज होऊन धातूचा बारीक कीस रेलमध्ये गेला आणि तिथून चारही इंजेक्टरांत. केसापेक्षा कितीतरी बारीक अंतरावर चालणारे भाग ते. कीस त्यांना सोडत नाही. फाईल पुन्हा उघडली तेव्हा दिसले की पहिल्या मालकाने डिझेल फिल्टर पाच वर्षांत एकदाच बदलला होता. त्याच्याकडे कंजुषी नव्हती. प्रत्येक सर्व्हिसच्या बिलावर तो भाग 'पुढच्या वेळी' असे लिहिलेले होते.

बाकावरचा इतिहास

आग्रा रोडलगत एका मिस्त्रींचे पंप-नोझलचे दुकान आहे. वय साठीच्या पुढे. त्यांच्या बाकावर काचेच्या नळ्यांची ओळ आहे. ट्रकचा पंप फिरवायचा, प्रत्येक नळीत किती डिझेल पडते ते पाहायचे आणि सगळ्या नळ्या एका पातळीला आणायच्या. नोझल हातपंपाला लावून दांडा दाबला की धुके पडले पाहिजे; धार लागली की नोझल गेले. ही परीक्षा ते डोळे मिटूनही करतात, आवाजावरून. माझे इंजेक्टर त्यांनी हातात घेऊन उलटसुलट पाहिले आणि मुलाकडे दिले. मुलाकडे स्कॅनर आहे. नवा इंजेक्टर बसवला की त्याच्यावरचा सांकेतिक क्रमांक गाडीच्या संगणकाला सांगावा लागतो, नाहीतर फवारणीचे माप जुळत नाही.

"भाऊ, पहिले इंजिन बोलायचं," मिस्त्री म्हणाले. "आता नुसता दिवा लागतो. दिवा काय सांगतो ते पोरगं वाचतं."

मी विचारले, काचेच्या नळ्यांचा बाक विकणार का? ते म्हणाले, "ट्रॅक्टरवाले येतात अजून." आणि थोड्या वेळाने, "आणि विकत घेणार कोण?"

एप्रिल २०२०पासून देशभर बीएस-६ नियम आले. डिझेलमधले गंधक दहा लाखांत दहा भागांवर आले, धुरातली काजळी पकडणारे गाळणे सक्तीचे झाल्यासारखे झाले आणि छोट्या डिझेल इंजिनांचा खर्च परवडेना. मारुती आणि रेनो या कंपन्या डिझेलमधून बाहेर पडल्या. त्याच वर्षी २४ जूनला दिल्लीत डिझेल पेट्रोलपेक्षा १२ पैशांनी महाग झाले. आठ वर्षांत ३२ रुपयांचा फरक उलटा झाला होता.

बाकी

आता माझा हिशेब. सहा वर्षांत बासष्ट हजार किलोमीटर झाले. पेट्रोल गाडीच्या तुलनेत इंधनात वाचले सुमारे एक लाख पासष्ट हजार. पंप, इंजेक्टर आणि रेलच्या सफाईचे ८१ हजार, टर्बोचे २७, डिझेलच्या हादऱ्यांसाठी बसवलेले दुहेरी फ्लायव्हील आणि क्लच ३८, काजळीने तुंबलेली ईजीआर झडप दोनदा साफ करण्याचे सहा. एकूण एक लाख बावन्न हजार. हाती उरले तेरा हजार.

पहिल्या मालकाची बचत खरी होती. तिची किंमतही खरी होती. ती फक्त त्याच्या बिलांत आली नाही. थोडी एसटीने भरली, थोडी मी. आणि एक भाग असा की ज्याचे बिलच निघत नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने डिझेलचा धूर कर्करोगाला निश्चित कारण ठरणाऱ्या गटात घातला, तो जून २०१२मध्ये. ज्या महिन्यांत आपण ३२ रुपयांचा फरक मोजत होतो त्याच महिन्यांत. दिल्लीने तो धूर नको म्हटले तेव्हा तो मी पेढे वाटून नाशिकला आणला, हेही या हिशेबात लिहून ठेवले पाहिजे.

गाडीच्या नोंदणीची पंधरा वर्षे २०२९मध्ये भरतील. त्यानंतर तपासणी, पुनर्नोंदणी, पर्यावरण कर. तोवर तिला विकायचे नाही असे ठरवले आहे. तिसऱ्या मालकाकडे काय पाठवायचे, हा प्रश्न आहे. दर दहा हजार किलोमीटरला फिल्टर बदलतो, दर महिन्याला त्याच्या तळाचे पाणी काढतो, लांबून आल्यावर इंजिन मिनिटभर चालू ठेवून मग बंद करतो, म्हणजे टर्बो थंड होतो. प्रत्येक बिल त्याच फाईलमध्ये जाते.

पहिल्या मालकाचा दोन रेघांचा कागद मी जागेवरच ठेवला आहे. त्याच्यामागे माझ्या हिशेबाचा कागद लावला. गाडी भंगारात गेली तरी फाईल राहील. पुढे कुणाला या काळाचा इतिहास लिहायचा झाला, तर दोन्ही कागद एकत्र मिळावेत.