पाणथळींना माणूस परका नाही

दरवर्षी 2 फेब्रुवारीला, जागतिक पाणथळ दिनाच्या निमित्ताने, एक ठरावीक कथा वाचायला मिळते. माणसाने शतकानुशतके दलदलींना रोगट, निरुपयोगी, भराव टाकण्याजोगी जागा मानले. 1971 साली इराणमधल्या रामसर येथे करार झाला, विज्ञानाने डोळे उघडले. आता या जागा वाचवायच्या तर माणसाला त्यांच्यापासून दूर ठेवले पाहिजे. ही कथा सद्भावनेने सांगितली जाते आणि तिच्या आधाराने काही तळी, काही खाड्या वाचल्याही आहेत. तरीही तिचा इतिहास चुकीचा आहे, आणि त्या चुकीच्या इतिहासावर उभे राहिलेले धोरण त्याहून घातक आहे, असे माझे मत आहे.

इतिहास आधी पाहू. गोव्यातल्या बांदोड्याला कोकणच्या मौर्य घराण्यातल्या अनिर्जितवर्मन राजाचा ताम्रपट सापडला. तो साधारणपणे सहाव्या शतकाच्या सुमाराचा मानतात. त्यात एका ब्राह्मणाला खाजण जमीन दान दिल्याची नोंद आहे, आणि समुद्राचे पाणी अडवणारा बांध घालून ती कसावी असेही म्हटले आहे. भरतीच्या पाण्याखाली जाणारी चिखलजमीन त्या काळी राजाने दान द्यावी इतक्या मोलाची होती. तिचे काय करायचे हे देणाऱ्याला ठाऊक होते, घेणाऱ्यालाही ठाऊक होते. हजारो वर्षांच्या सार्वत्रिक तिरस्काराची कथा या एका पत्र्यापुढे टिकत नाही.

गोव्यात आजही सुमारे 18,000 हेक्टर खाजण जमीन आहे. मांडवी, जुवारी आणि त्यांच्या फाट्यांच्या काठाने ती पसरली आहे. बाहेरून चिखलाचा आणि जांभ्या दगडाचा बांध, त्याच्या पायथ्याशी लाटांचा मारा झेलायला राखलेली खारफुटी, आतल्या बाजूला पाणी साठवणारी पोंय आणि बांधातच बसवलेली मानस, म्हणजे लाकडी दारांचे नियंत्रणद्वार. भरती चढू लागली की पाण्याच्या दाबानेच दार मिटते. ओहोटी लागली की आतले पाणी ते ढकलून बाहेर पडते. पावसाळ्यात पहिल्या सरी जमिनीतले मीठ धुऊन नेतात आणि मग कोरगुटसारखे खारे पाणी सोसणारे भात उभे राहते. कापणी झाली की खारे पाणी मोजून आत घेतात. त्याबरोबर सुंगटे, शेवटे, काळुंद्रे, कुर्ल्या येतात. ओहोटीच्या वेळी मानशीच्या तोंडाशी जाळे लावून, रात्री दिवा टांगून ती मासळी धरतात. काही खाजणांत मिठागरेही आहेत. भात, मासे आणि मीठ, तिन्ही एकाच चिखलातून.

इथे जाणकार वाचक हटकेल: बांध घालून भात लावणे म्हणजे पाणथळ बुजवणेच नव्हे का? मग हा पुरावा तुमच्याच विरुद्ध जातो. आक्षेप वजनदार आहे. पण खाजणाचा बांध पाण्याला हद्दपार करत नाही, त्याला वेळापत्रक लावतो. खरे बुजवणे कसे असते ते पाहायचे तर सतराव्या शतकातल्या पूर्व इंग्लंडकडे वळावे लागते. तिथल्या फेन नावाच्या विस्तीर्ण दलदलीत लोक बोरू कापत, बाम आणि इतर मासे धरत, पाणपक्षी मारत, उन्हाळ्यात गुरे चारत. बेडफर्डचा अर्ल आणि त्याच्या भागीदारांनी कॉर्नेलियस व्हर्मायडन या डच अभियंत्याकरवी ती कायमची कोरडी करायला घेतली, तेव्हा त्याच लोकांनी बांध फोडले, दंगे केले. पुढे वाळलेली ती काळी जमीन आक्रसत, खचत गेली. होम फेन येथे एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर जमिनीत पूर्ण गाडलेला लोखंडी खांब आज सुमारे चार मीटर उघडा पडला आहे. फेन निरुपयोगी आहे हे मत तिथल्या रहिवाशांचे कधीच नव्हते. ज्यांना गव्हाची शेते आणि त्यांचा खंड हवा होता त्यांचे ते मत होते. अमेरिकेने 1850 च्या कायद्याने दलदली घटक राज्यांच्या हवाली केल्या त्या निचरा करून विकण्यासाठीच, आणि तिथेही त्या जागांवर शिकार-मासेमारी करून जगणारे मूळ रहिवासी हिशेबात नव्हते. ‘माणसाने दलदलींना तुच्छ लेखले’ असे म्हणताना आपण जमीनदारांचे आणि महसूल खात्यांचे मत साऱ्या मानवजातीच्या नावावर टाकतो.

आपल्याकडे तिटकारा नव्हताच, असेही मी म्हणणार नाही. आयुर्वेदाने देशाचे जांगल, आनूप आणि साधारण असे तीन प्रकार केले. त्यात पाण्याने भरलेला आनूप देश कफाचे विकार वाढवणारा ठरला आणि कोरड्या जांगलाला आरोग्याचे माप मिळाले. हिवतापाची भीतीही खरी होती. पण दलदल प्रकृतीला जड आहे असे वैद्याने सांगणे वेगळे आणि ती कोणाच्या कामाची नाही असे सरकारने ठरवणे वेगळे. त्याच ग्रंथांत आनूप देशातल्या पशुपक्ष्यांचे आणि मासळीचे गुणधर्म बारकाईने नोंदवलेले आहेत.

महाराष्ट्रातही खाजणासारखीच व्यवस्था आहे आणि तिच्याकडे आपण पुरेसे पाहिलेले नाही. अलिबाग-पेणच्या खारेपाटात समुद्राकडचे बांध, त्यांतल्या उघाड्या, म्हणजे मानशीसारखीच दारे, राता जातीचे तांबडे भात आणि शेतालगतच्या तळ्यांत वाढवलेला जिताडा मासा हे सगळे मिळून एकच व्यवस्था होती. एकोणिसाव्या शतकातल्या कुलाबा जिल्ह्यात ज्याने खारजमीन उठवली त्याच्याकडे बाहेरचा बांध सांभाळण्याची जबाबदारी येत असे आणि शिलोत्री हा जमीनधारणेचा स्वतंत्र प्रकार त्यातून रूढ झाला. बांधाला खांड पडली की अख्खे गाव चिखलात उतरे. मात्र या व्यवस्थेला सोनेरी मुलामा देणे मला मान्य नाही. बांध घालणारे हात कुळांचे आणि पीक खोताचे, अशी इथली रीत होती. 1933 साली नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली चरी आणि आसपासच्या गावांतल्या कुळांनी जमिनी कसायचे बंद केले आणि तो संप 1939 पर्यंत चालला. गोव्यातही गावकारीचे मान आणि उत्पन्नातले वाटे गावकारांचे होते, श्रम मुंडकारांचे आणि कुळांचे. पाणथळीचा इतिहास हा श्रमाचा आणि हक्काच्या भांडणाचाही इतिहास आहे, आणि माणूस नसलेल्या निसर्गाच्या गोष्टीत नेमका तोच गाळला जातो.

आता कथेचा दुसरा भाग: पाणथळ वाचवायची तर माणूस बाहेर. याची परीक्षा भरतपूरला झाली. तिथले केवलादेव पक्षी उद्यान हे काही आदिम अरण्य नव्हे. भरतपूरच्या राजांनी बांधलेला अजान बांध आणि त्यातून पाणी सोडणारे कालवे-पाट यांनी तो सखल प्रदेश घडवला, आणि पुढे संस्थानिकांनी बदकांच्या शिकारीसाठी तो राखला. आसपासच्या गावांच्या म्हशी तिथे पिढ्यान्‌पिढ्या चरत. राष्ट्रीय उद्यान झाल्यावर 1982 च्या नोव्हेंबरात चराई पूर्ण बंद झाली. विरोध करणाऱ्या गावकऱ्यांवर गोळीबार झाला, माणसे मेली. पक्ष्यांसाठीच हे केले असे सांगण्यात आले. पण मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीने तिथे जो दीर्घ अभ्यास केला, त्यात उलटेच दिसले. म्हशी खात असलेले पास्पालम नावाचे पाणगवत मोकाट वाढले, उघडे पाणी झाकले गेले, आणि पाणपक्ष्यांना जागा उरेना. याच सोसायटीतल्या मान्यवरांनी आधी चराईबंदीला पाठिंबा दिला होता. आपल्याच अपेक्षेविरुद्ध गेलेला निष्कर्ष तिने प्रसिद्ध केला, याबद्दल मला तिच्याविषयी मोठा आदर वाटतो. धोरणाने मात्र त्यातून फारसे काही घेतले नाही.

भरतपूर हा अपवाद नाही. महाराष्ट्रातले पहिले रामसर स्थळ नांदूर मध्यमेश्वर, 2020 साली जाहीर झालेले, गोदावरीवर बांधलेल्या बंधाऱ्यामागे साचलेल्या गाळातून तयार झाले. पूर्व कोलकात्याच्या सुमारे 12,500 हेक्टर पाणथळीत शहराचे सांडपाणी भेड्यांमध्ये, म्हणजे मत्स्यतळ्यांमध्ये, ऊन आणि शेवाळ यांच्या जोरावर निवळते आणि त्यावर मासे पोसले जातात. ध्रुवज्योती घोष यांनी ही व्यवस्था जगापुढे मांडली, तेव्हा तिचे श्रेय त्यांनी आयुष्यभर तिथल्या मच्छीमारांना आणि शेतकऱ्यांना दिले. ज्या रामसर कराराचे नाव घेऊन माणसाला बाहेर काढायचे असते, त्याच्या पहिल्याच कलमात नैसर्गिक आणि मानवनिर्मित अशा दोन्ही पाणथळी येतात. सुज्ञ वापराची कल्पनाही त्या मूळ करारातच आहे.

आपल्या 2017 च्या पाणथळ नियमांनी मात्र व्याख्येतून नदीपात्रे वगळली, भातखाचरे वगळली, आणि पिण्याच्या पाण्यासाठी, सिंचनासाठी, मत्स्यपालनासाठी, मिठासाठी माणसाने मुद्दाम घडवलेले जलाशयही वगळले. माणसाचा हात लागला की ती पाणथळ उरत नाही, हाच समज इथे कायद्यात उतरला आहे. बिल्डरांच्या आणि भराववाल्यांच्या हाती या वगळणुकीने आयता युक्तिवाद दिला.

आणि गोव्याच्या खाजणांवर त्याच समजाचा दुसऱ्या बाजूने घाव पडतो. 1964 च्या कूळकायद्यानंतर बांधांची जबाबदारी कोमुनिदादींकडून, म्हणजे गावकारांच्या गावसंस्थांकडून, कुळांच्या संघांकडे आली. मानशीवरच्या मासेमारीचा लिलाव भातापेक्षा जास्त पैसे देऊ लागला, तेव्हा अनेक ठिकाणी दारे नको त्या वेळी उघडी राहू लागली. बांध फुटले, शेते खारावली, आणि पडीक खाचरांत खारफुटी उगवली. ती एकदा उभी राहिली की संरक्षित होते; बांध दुरुस्त करून भात लावू पाहणारा शेतकरीच मग कायदा मोडणारा ठरतो. खारफुटीचे रक्षण करू नये असे कोण म्हणेल? पण बांधाबाहेर राखलेली खारफुटी खाजण जगवते, आणि बांधाच्या आत वाढलेली खारफुटी बहुतेक वेळा ते मेल्याची खूण असते. वरून घेतलेल्या छायाचित्रात दोन्ही सारख्याच हिरव्या दिसतात.

2011 च्या किनारा नियमन अधिसूचनेने गोव्याच्या खाजणांचा वेगळा उल्लेख करून त्यांच्यासाठी व्यवस्थापन आराखडा करायला सांगितले, ते योग्यच होते. पण असा आराखडा बांधाचा खर्च कोण करणार, मानशीचा लिलाव कोण आणि कोणत्या अटींवर करणार, खांड पडल्यावर किती दिवसांत ती बुजवायची, याची उत्तरे देणार नसेल, तर तो निव्वळ नकाशा होईल. राज्यांच्या पाणथळ प्राधिकरणांत परिसंस्था, जलशास्त्र, मत्स्यव्यवसाय, नियोजन आणि समाजशास्त्र-अर्थशास्त्र यांच्या तज्ज्ञांना जागा आहेत. खारेपाटातल्या बांधावर राबणाऱ्या बाईला, मानस राखणाऱ्या माणसाला, कोलकात्याच्या भेडीतल्या मच्छीमाराला तिथे हक्काची जागा हवी, आणि भातखाचरे वगळणारी ओळ नियमांतून गेली पाहिजे.